दारावरची गोलकीपर

"मग, यंदा खेळली का गं तुझी लेक?"

ॲरिझोनातल्या चँडलरमध्ये दर संक्रांतीला माझ्याकडे हळदीकुंकू असतं, आणि पलीकडच्या गल्लीतल्या काकू चपला काढायच्या आधी हा प्रश्न काढतात. काकू मनाच्या वाईट नाहीत. माझ्या दुखण्याखुपण्याला डबा घेऊन पहिल्या त्याच येतात. पण हा प्रश्न आला की माझ्या नाकाला मिरच्या झोंबायच्या. कारण उत्तर ठरलेलं असायचं, "नाही हो काकू, अजून नाही."

माझी मुलगी आइस हॉकी खेळते. शाळेतला छंद नव्हे, नोकरी आहे तिची. बायकांच्या व्यावसायिक संघात आहे, महिन्याचा पगार आहे, पाठीवर आमचं आडनाव छापलेली जर्सी आहे. पण ती आहे राखीव गोलकीपर. प्रत्येक सामन्याला दोन गोलकीपर तयार होऊन येतात. एक गोलमध्ये उभी राहते, दुसरी बाकावर बसते. आमची दुसरी. बरं, बाकी खेळाडू सारख्या आत-बाहेर होत असतात, प्रत्येकीला थोडं तरी खेळायला मिळतं. गोलकीपर मात्र बदलत नाहीत. पहिलीला काही झालं तरच दुसरीला संधी. आणि पहिलीला काही होतच नव्हतं. मिनेसोटाची सहा फुटी धडधाकट बाई ती, तिला साधी सर्दीसुद्धा व्हायची नाही. घरात मी तिला सवत म्हणायचे.

"मग बाकावर बसून करते काय ती?" काकूंनी एकदा विचारलं होतं.

"दार उघडते," मी म्हटलं.

खोटं नाही ते. रिंकभोवती, म्हणजे बर्फाच्या मैदानाभोवती, छातीइतकी उंच भिंत असते आणि बाकासमोर त्या भिंतीत एक छोटं दार. खेळ चालू असतानाच दमलेल्या मुली धावत बाकाकडे येतात आणि ताज्या दमाच्या मुली आत जातात. ते दार नेमक्या क्षणी उघडायचं आणि लगेच लावायचं, हे राखीव गोलकीपरचं काम. कुणी कुठे लिहून ठेवलेलं नाही, पण रीत आहे. म्हणजे बघा, माझ्या मुलीने कॉलेजात मेकॅनिकल इंजिनिअरिंग केलं, पायाला उशांएवढे पॅड बांधले, डोक्यावर ते शिरस्त्राण चढवलं, आणि टीव्हीवर दिसते कशी, तर दाराची कडी सरकवताना.

हे सगळं सुरू झालं उन्हामुळे. आम्ही नागपूरचे. उन्हाचं कौतुक आम्हाला कुणी सांगू नये, असं मी इथे उतरल्या उतरल्या नवऱ्याला ऐकवलं होतं. त्याला इथल्या कॉम्प्युटरच्या चिप बनवणाऱ्या कंपनीत नोकरी लागली होती. पहिल्याच जूनमध्ये गाडीच्या स्टिअरिंगने माझे हात भाजले आणि मी गप्प झाले. मुलगी सहा वर्षांची, एकुलती एक, दिवसभर घरात कोंडलेली. सोफ्यावरून उड्या मारून मारून तिने सोफ्याचा पार जीव घेतला. मग नवऱ्याच्या ऑफिसातल्या कुणीतरी रिंकचं नाव सुचवलं. बाहेर रस्त्यावरचं डांबर वितळतंय आणि आत शिरलो तर अहाहा! काय तो गारवा! मी तर ओढणी अंगाभोवती गुंडाळून बाकावर बसले आणि उठायलाच तयार नव्हते. खरं सांगते, पहिल्या वर्षाची फी मी एसीसाठी भरली. हॉकी म्हणजे काय हे मला ठाऊकही नव्हतं.

लहान मुलांच्या संघात गोलमध्ये उभं राहायची पाळी लावत असत. बाकीची पोरं पाळी आली की भोकाड पसरायची. अंगावर जड सामान, समोरून ती पक नावाची काळी रबरी चकती सुसाट येणार, कोण कशाला उभं राहील? आमची मात्र पाळी संपली तरी हलेना. गाडीत मी विचारलं, भीती नाही वाटत का गं? तर म्हणाली, "आई, तिथे उभं राहिलं ना, की सगळे माझ्याकडेच येतात." एकटं पोर ते. माझ्या डोळ्यांत टचकन पाणी आलं, आणि दुसऱ्या दिवशी आम्ही तिला गोलकीपरचे पॅड घेऊन दिले.

गोलकीपरचं सामान म्हणजे एक अख्खं बिऱ्हाड असतं. आणि वास! देवा रे देवा! तो वास ज्याने घेतला नाही त्याला सांगून कळायचा नाही. घामाने ओलं झालेलं ते सगळं गॅरेजमध्ये ठेवलं तर गाडीतसुद्धा बसवेना. मग मी आपला नागपुरी उपाय केला. मागच्या अंगणात जुनी चादर अंथरली, एका बाजूला कुरडया, दुसऱ्या बाजूला पॅड, हातमोजे, छातीचं चिलखत. ॲरिझोनाचं ऊन दोघांना तासाभरात खडखडीत वाळवायचं. त्या वर्षीच्या कुरडयांना हॉकीचा वास लागला होता असं काकू अजून म्हणतात. काहीतरीच! खाल्ल्या तर चाटूनपुसून होत्या.

मुलांच्या संघात एकटी मुलगी म्हणून ती खेळली. तेव्हा कपडे बदलायला तिला झाडू-बादल्यांची खोली मिळायची. चौदाव्या वर्षी उत्तरेकडच्या एका बोर्डिंग शाळेत गेली, हॉकीसाठी. मी विमानतळावर रडले नाही, घरी येऊन तिच्या वाळलेल्या हातमोज्यांत तोंड खुपसून रडले, आणि त्या वासाने लगेच थांबलेही. मग स्कॉलरशिपवर कॉलेज. कॉलेजात ती पहिली गोलकीपर होती बरं का, राखीव नव्हे. पदवी मिळाली आणि पुढे काय, तर बायकांच्या हॉकीत पगार नावाची गोष्टच नाही. ही दिवसा एका पंप बनवणाऱ्या कंपनीत डिझाइनचं काम करायची आणि संध्याकाळी, रिंक जेव्हा रिकामी मिळेल तेव्हा सराव. मी फोनवर डोकं खायचे, "आता बस कर गं." ती म्हणायची, "आई, चिल. थोडं थांब." आणि खरंच, थोडं थांबल्यावर बायकांसाठी नीट पगार देणारी लीग निघाली. कराराचा फोन आला तेव्हा नवऱ्याने गाडी काढून पेढे आणले आणि अख्ख्या गल्लीत वाटले. काकूंनी पेढा तोंडात टाकला आणि विचारलं, "आता टीव्हीवर कधी बघायचं?"

तिथून तो प्रश्न सुरू झाला. पहिला सीझन गेला, दुसरा गेला, तिसरा निम्मा सरला. लेक एक मिनिटही खेळली नव्हती.

यंदा संक्रांतीच्या तोंडावर मी तिच्या त्या गारठलेल्या शहरात राहून आले. तिळगुळाचा डबा नेला होता, संघातल्या सगळ्यांना वाटला. "तिळगूळ घ्या, गोड गोड बोला" याचा अर्थ तिने मैत्रिणींना सांगितला तेव्हा त्या खो खो हसल्या. मैदानात एकमेकींना काय काय शिव्या हासडतात ते मला मागून कळलं. सवतीने तर चार लाडू हाणले आणि मला मिठी मारून म्हणाली की तुमची मुलगी आहे म्हणून मी आहे. मी हसले, पण मनात म्हटलं, मग एक दिवस घरी बस ना बये.

सराव बघायला गेले. बऱ्याच जणी आंघोळीला गेल्या तरी माझी मुलगी बर्फावरच. ज्यांना आणखी थोडा नेमबाजीचा सराव हवा त्यांच्यासाठी ती थांबायची. दण दण दण पक अंगावर येतायत आणि ही शिरस्त्राणाच्या आतून हसतेय. घरी येऊन तिने माझ्यासाठी खिचडी टाकली. पापड भाजता भाजता मी विचारलंच.

"तुला वाईट नाही का गं वाटत?"

"कशाचं?"

"अगं कशाचं काय! सारखं बसून राहायचं."

"आई, मला रोज बर्फावर जायचे पैसे मिळतात. कोणाला मिळतात?"

"पण एकदा तरी..."

"हो, एकदा तरी मिळालं तर मस्त. ऑफ कोर्स मला हवंय." तिने पापड उलटला. "पण या सीझननंतर मी थांबणारे. चँडलरला येते. आपल्या रिंकवर छोट्या गोलकीपर्सना शिकवणार. आणि यार, तू का रडतेस?"

रडत कुठे होते? पापडाचा धूर होता. पण त्या दिवसापासून माझ्या डोक्यात एकच घोकणं सुरू झालं. वसंत ऋतू येईपर्यंत एक सामना. फक्त एक. देवाला मी जास्त काही मागत नाही, पण हे मागितलं.

आता यंदाचं हळदीकुंकू. शनिवार धरला. त्याच दुपारी तिचा सामना होता, पण त्याने काय अडणार होतं? दार उघडताना बघायला नवरा पुरेसा होता. हळदीकुंकवाला पुरुषांना आम्ही वरच्या मजल्यावर हाकलतो. तो चिवड्याची वाटी आणि लॅपटॉप घेऊन निमूट वर गेला. तो एकही सामना सोडत नाही. आमची लेक दारावर कशी बसते, कडी कोणत्या हाताने धरते, हे तो मला रात्री जेवताना सांगायचा आणि मी म्हणायचे, "वाढू का आणखी भात?"

खाली काळ्या साड्यांनी दिवाणखाना भरला होता. हलव्याचे दागिने घातलेलं एक बाळही होतं. बोरं इथे मिळत नाहीत म्हणून मी ओटीत गाजर, ओले हरभरे आणि द्राक्षं घातली होती. वाण म्हणून स्टीलच्या चहाच्या गाळण्या आणल्या होत्या. काकूंनी गाळणी हातात घेऊन उलटसुलट पाहिली आणि सगळ्यांना ऐकू जाईल अशा आवाजात म्हणाल्या, "गोलकीपरची आई गाळण्या वाटते! काय म्हणावं हिला?" सगळ्या हसल्या. मीही हसले. हसू येण्यासारखंच होतं. मग त्यांनी तो प्रश्न विचारला आणि मी गुलाबदाणी जरा जोरातच शिंपडली त्यांच्यावर.

तेवढ्यात जिन्यावर धडधड आवाज झाला. माझा नवरा, हाफ पँट, गंजीफ्रॉक, एका हातात चिवडा, हळदीकुंकवाच्या ऐन मध्यात येऊन उभा! बायकांनी पदर सावरले. मी ओरडणार, इतक्यात नुसता "तिला... तिला..." करत त्याने रिमोट शोधला आणि टीव्ही लावला.

पडद्यावर आमचं आडनाव. पाठमोरं. गोलकडे चाललेलं.

झालं असं होतं की सवतीचा त्या दिवशी पार बोजवारा उडाला होता. चार गोल खाल्ले होते तिने. ज्या दिवशी गोलकीपरला काही म्हणता काही अडेनासं होतं, त्या दिवशी प्रशिक्षक तिला बाहेर बोलावतात आणि राखीवला आत पाठवतात. आपला संघ चार-एक असा मागे, तिसरा आणि शेवटचा भाग, त्याला पिरियड म्हणतात, सुरू होणार. म्हणजे सामना जवळजवळ हरलेलाच. पण मला काय त्याचं! मी हातातलं तबक काकूंच्या मांडीवर ठेवलं आणि टीव्हीसमोर फतकल मारून जमिनीवर बसले. पैठणीची काय ती घडी व्हायची ती होवो.

"बाई, अगं हीच का ती?" काकू.

"हीच."

"मग जरा बाजूला हो की! आम्हाला दिसू दे!"

एकीलाही नियम माहीत नव्हते. निम्म्यांना पक दिसतच नव्हता. पण पहिला फटका आला, लेकीने पाय फाकून तो पॅडवर घेतला, आणि काळ्या साड्यांचा तो अख्खा घोळका असा ओरडला की हलव्याचे दागिने घातलेलं बाळ रडायला लागलं. दुसरा तिने हातमोज्यात झेलला. तिसरा खांद्यावर. प्रत्येक फटक्याला काकू माझ्या दंडाला चिमटा काढत होत्या, दंड हिरवानिळा झाला. एकदा तर पक तिच्या पाठीमागे गेला असं वाटलं, मी डोळे मिटले, तर सगळ्या टाळ्या वाजवायला लागल्या. कसा अडवला ते मी आजतागायत पाहिलेलं नाही. नवरा म्हणतो रेकॉर्डिंग बघ. मी म्हणते राहू दे.

समोर आपल्या मुलींना चेव चढला. एक गोल केला, मग आणखी एक. चार-तीन. आता एकच गोल मागे आणि शेवटचं मिनिट.

आणि अचानक माझी लेक गोल सोडून धावत सुटली.

"अगं! काढलं का तिला? का काढलं?" काकू उभ्याच राहिल्या.

नवऱ्याने समजावलं. शेवटी एका गोलाने मागे असलं की गोल मोकळा टाकतात आणि गोलकीपरच्या जागी आणखी एक गोल मारणारी पाठवतात. गोलकीपरने जिवाच्या आकांताने बाकाकडे पळायचं असतं. तशी ती पळत होती, ते भलेमोठे पॅड फताड फताड करत, थेट दाराकडे.

दार बंद होतं.

दारावर कोण होतं? सवत. बाहेर काढलेली, तोंड पाडून बसलेली, आयुष्यात पहिल्यांदा त्या जागेवर. ती कडी शोधत होती. लेक धाडकन दारावर आदळली. सवतीने कडी वर खेचली, मग खाली खेचली, मग दोघींनी दोन्ही बाजूंनी ढकललं. आमच्या घरात आरडाओरडा. "अगं उघड गं!" "इकडून उघड!" "अशी काय मेली!" शेवटी माझी पोरगी त्या सगळ्या बिऱ्हाडासकट भिंतीवर पोटावर पडली आणि कोलांटी घेऊन पलीकडे उलथली. जिला आत जायचं होतं ती केव्हाच भिंतीवरून उडी मारून गेली होती. एवढं करून समोरच्यांनी मोकळ्या गोलमध्ये पक टाकला आणि सामना संपला. पाच-तीन. आपण हरलो.

"हा शेवटचा गोल कुणाच्या नावावर?" काकूंनी दरडावून विचारलं.

"कुणाच्याच नाही," नवरा म्हणाला. "आपलीने एकही खाल्ला नाही."

काकूंनी हळदीकुंकवाचा करंडा उचलला, टीव्हीपाशी गेल्या आणि पडद्यावर लेकीच्या कपाळाच्या अंदाजाने कुंकू लावलं. तो डाग मी महिनाभर पुसला नाही. मग त्यांनी माझ्या हातावर माझीच गाळणी ठेवली आणि म्हणाल्या, "हे मात्र तुला शोभत नाही हो आता." मी त्यांच्या गळ्यात पडून रडले. त्या दिवशी धूरबिर काही नव्हता.

संध्याकाळी लेकीचा फोन आला. व्हिडिओ लावला तर केस ओले, हनुवटीवर खरचटलेलं, आणि हसता हसता तिला बोलताच येईना.

"आई, बघितलंस? तिला दार उघडता येत नाही!"

"अगं, तू खेळलीस! ते सांग ना!"

"खेळले. मस्त वाटलं. खूप मस्त. पण आई, दार! पूर्ण पिरियडभर सगळ्या तिच्यावर ओरडत होत्या. दोघी दारावर आपटल्या. एकीला तर तिने चक्क बर्फावरच ठेवून दार लावून घेतलं. सामना झाल्यावर ती माझ्याकडे आली, माझं डोकं धरलं आणि म्हणाली, तू हे रोज कसं करतेस? कोण कधी येणार हे तुला आधीच कसं कळतं?"

"मग तू काय म्हणालीस?"

"म्हटलं, बघत बसते ना मी. सगळ्यांना. तीन वर्षं तेच तर करते." तिने ओले केस मागे सारले. "सगळ्या म्हणाल्या, पुढच्या मॅचला तू दारावर हवीस."

आधीची मी असते तर तिथल्या तिथे पेटले असते. दारावर? आणि गोलमध्ये कोण? पण तिचा तो चेहरा मी पाहत होते. सहा वर्षांची असताना गाडीत होता तोच. सगळे माझ्याकडेच येतात म्हणाली होती ना, तो.

"हनुवटीला हळद लाव," मी म्हटलं.

पुढच्या शनिवारी सवत परत गोलमध्ये आणि आमची बाकावर. मी या वेळी वर जाऊन नवऱ्याशेजारी बसले, चिवड्याची वाटी मध्ये घेऊन, आणि पहिल्यांदाच सामनाभर पक सोडून ते दार बघितलं. एक मुलगी दमून वळायच्या आधीच माझ्या लेकीचा हात कडीवर गेलेला असायचा. एकदाही चुकला नाही.

मध्येच काकूंचा फोन आला.

"काय गं, आज खेळतेय का?"

"हो काकू, खेळतेय," मी म्हटलं. "दारावर आहे. लावा टीव्ही."